चोपन्नकाकांचा डिसेंबर

चोपन्नकाकांना पंचावन्न सालाबद्दल काही विचारलं की ते सरळ हात वर करत. "ते आपल्या खात्यात येत नाही." त्रेपन्नबद्दल विचारलं तरी उत्तर तेच. त्यांचं खातं एकच, एकोणीसशे चोपन्न. तेही ऑस्ट्रेलियातलं आणि त्यातही फक्त साहित्याचं. त्या वर्षी तिथे क्रिकेटमध्ये कोण जिंकलं, राज्य कुणाचं होतं, याच्याशी त्यांना काही कर्तव्य नव्हतं. माझ्या नवऱ्यानं, सुधीरनं, एकदा खोडी काढायची म्हणून विचारलं, "काका, तो तुमचा कवी आहे का हो अजून?" काका शांतपणे म्हणाले, "चोपन्नच्या डिसेंबरपर्यंत होता. पुढचं मी पाहिलेलं नाही."

त्यांचं आडनाव रेगे. दुबईत अल कुसैसला राहायचे, एसीचे सुटे भाग विकणाऱ्या कंपनीत मॅनेजर होते. दिवसभर कॉम्प्रेसर आणि फिल्टर. ऑस्ट्रेलियाला ते कधी गेले नव्हते आणि जायची इच्छाही नव्हती. "आता जाऊन काय उपयोग? चोपन्न साल संपलं तिथलं," असं म्हणायचे.

ही सगळी भानगड एका शब्दानं केली. नव्वदच्या दशकात सुधीर आमच्या मराठी मंडळाचा सेक्रेटरी झाला आणि त्याच्या जिभेवर सरकारी परिपत्रक चढलं. सामानाला सामान म्हणणं त्याला कमीपणाचं वाटू लागलं. हिवाळ्यात मुश्रिफ पार्कात सहल ठरली. बेत मटण-भाताचा आणि गाजराच्या हलव्याचा. आता आमच्याकडच्या दुकानात मटण ऑस्ट्रेलियाचं, गाजरं ऑस्ट्रेलियाची, लोणी आणि दूध पावडरही तिथलीच. मसाले आणि तांदूळ इतरांकडे गेले, उरलेलं रेगेकाकांच्या वाट्याला आलं. सुधीरनं फोन लावला तेव्हा मी शेजारीच मेथी निवडत होते, त्यामुळे शब्द न् शब्द आठवतो. "काका, ऑस्ट्रेलियन साहित्य तुमच्याकडे हं. चोपन्नचं. जमेल ना?"

चोपन्नचं म्हणजे चोपन्न माणसांचं. मग काका म्हणाले, "जमवतो. तीन आठवडे दे मला." गाजरं आणायला तीन आठवडे कशाला, हे सुधीरच्या डोक्यात आलं नाही. त्याला वाटलं, काका कामाचे पक्के आहेत, चार दुकानं फिरून भाव बघतील.

काकांनी काय केलं ते पुढे कळलं. त्यांचा साहेब ऑस्ट्रेलियन होता. शाळा सुटल्यावर त्यानं पुस्तक उघडलेलं नव्हतं, पण त्याची सासू तिकडे ग्रंथपाल होती. दुबईतल्या आपल्या जावयाच्या ऑफिसात कुणा इंडियन माणसाला आपल्या देशाच्या एका वर्षाच्या साहित्याची तहान लागली आहे, हे ऐकून ती बाई हरखलीच. रोज फॅक्स येऊ लागले. ऑफिसातला कागद संपला. कॉम्प्रेसरच्या ऑर्डरी अडकल्या आणि कुठल्याशा मेंढपाळाच्या विधवेवरची कादंबरी येत राहिली. साहेब रोज म्हणायचा, "रेगे, हबीबी, खलास?" काका म्हणायचे, "अजून ऑगस्टच आहे, सर."

सहलीच्या शुक्रवारी चुली पेटल्या होत्या, पातेली ओळीनं मांडली होती, कांदा चिरून तयार होता. काका आले ते टाय लावून. काखेत जाडजूड फाइल. मागे काकू, 'मला काही विचारू नका' असा चेहरा करून.

"काका, साहित्य कुठाय?" सुधीरनं विचारलं.

"हे काय!" काकांनी फाइल पातेल्यांच्या मधोमध ठेवली. "माइक आहे का?"

मग जे झालं त्याला मंडळात पुढे अनेक वर्षं पानिपत म्हणत. सुधीर म्हणत होता, "अहो, चोपन्न माणसं!" काका म्हणत होते, "माणसं कुठे म्हणालास तू? चोपन्नचं म्हणालास. साहित्य म्हणालास. सामान म्हणाला असतास तर सामान आणलं असतं. मराठी मंडळात साहित्य म्हटल्यावर मी गाजरं घेऊन येऊ?" शेवटी दोघं जण शावर्मा आणायला पळाले. कुणीतरी हिशोब केला, "तीन दिरहमला एक, म्हणजे तीस रुपये झाले की रे!" शावर्मे येईपर्यंत वेळ होता म्हणून काकांना बोलू दिलं. त्यांनी जानेवारीपासून सुरुवात केली. मार्च संपत आला आणि शावर्मे आले. सगळे उठले. काका एप्रिलचं पान हातात धरून उभे राहिले. ते मला अजून दिसतं आणि अजून वाईट वाटतं.

त्या दिवसापासून काकांना एकच ध्यास लागला. डिसेंबरपर्यंत पोचायचं. कुठलाही कार्यक्रम असो, बारसं, वाढदिवस, गणपती, काका हळूच म्हणायचे, "दहा मिनिटं मिळाली तर..." नाही म्हणायचा धीर कुणाला होत नसे. घोळ एवढाच, की ते दर वेळी जानेवारीपासून सुरू करत. मी म्हटलं, "काका, एप्रिलपासून करा की! पहिले तीन महिने पाठ झालेत आम्हाला." ते म्हणाले, "अगं नीला, नवे लोक असतात ना. पाया नको?"

त्यामुळे आमच्या सगळ्या गोतावळ्याला त्या वर्षाचे पहिले तीन महिने पाढ्यांसारखे येत. जानेवारीत ती विधवा. फेब्रुवारीत पदरमोड करून छापलेला कवितासंग्रह, जो कवीच्या आईनंही विकत घेतला नाही. मार्चमध्ये दोन मासिकांच्या संपादकांचं भांडण. इथे काका दोन्ही आवाज काढत आणि मुलं टाळ्या वाजवत. पुढे मात्र घरोघरच्या बायकांनी त्यांचं घड्याळ करून टाकलं. स्वयंपाकघरातून विचारणा व्हायची, "कुठवर आले गं?" "फेब्रुवारी." "मग भात लावते." यात पुढाकार काकूंचाच. "मार्च आला, पुऱ्या तळायला घ्या," हे वाक्य मी त्यांच्या तोंडून कितीदा ऐकलंय. एप्रिलला पानं वाढलेली असत.

एकदा मला दया आली. शारजातल्या अल मजाजच्या आमच्या घरी मी आधी जेवण वाढलं आणि मग काकांना बसवलं. श्रीखंडावर कुणाचा डोळा लागणार नाही? फेब्रुवारीतच सगळे आडवे झाले. मी नेटानं जागी राहिले, पण मार्चमध्ये, संपादकांच्या भांडणाच्या ऐन रंगात, खुद्द काकाच झोपले.

सगळ्यात लांबची मजल गाठली ती शारजा-दुबईच्या ट्रॅफिकमध्ये. काका गाडी चालवत होते, शेजारी काकू, मागे मी आणि माझ्या मांडीवर झोपलेली आमची छोटी मुक्ता. सुधीर ऑफिसात होता. गाडी इंच इंच सरकत होती आणि कुणी कुठे जाऊ शकत नव्हतं. मी आयुष्यात पहिल्यांदा एप्रिल ऐकला, मे ऐकला. जूनमध्ये बोटीनं ऑस्ट्रेलियात उतरलेल्या लोकांवरची एक कथा होती. तिच्यातल्या माणसाला नव्या देशात भाकरीला काय म्हणतात ते ठाऊक नसतं, म्हणून तो आठवडाभर केकच खातो. काका आरशातून माझ्याकडे बघत म्हणाले, "पण बघ, त्याला राहू दिलं तिथे. आपल्याला साठ झाली की व्हिसा खलास, यल्ला, बाय बाय." काकू खिडकीबाहेर बघत राहिल्या. जुलैच्या अर्ध्यात रस्ता मोकळा झाला. ट्रॅफिक सुटल्याचं दुःख मला त्या एका दिवशी झालं.

सुधीर आणि काका एकमेकांकडे येत-जात, पत्ते खेळत, पण चूक कुणाची हा वाद काही मिटला नाही. "म्हणा एकदा, की चुकलो," सुधीर म्हणायचा. "तू शब्द नीट वापर," काका म्हणायचे. चहा थंड व्हायचा.

नव्या शतकात काकांची साठी झाली आणि व्हिसा कॅन्सल झाला. निरोपाचं जेवण आमच्याकडे होतं. सुधीरनं उभं राहून जाहीर केलं, "आज काका डिसेंबरपर्यंत बोलतील. कुणीही उठायचं नाही." काकांनी फाइल उघडली. विधवा झाली, कवी झाला, संपादकांचं भांडण आलं आणि सवयीनं काकू पदर खोचून उठल्या. हसण्याचा असा स्फोट झाला की काकूंना रडू आलं. "बसते हो, बसते मी," त्या म्हणत होत्या. काकांनी त्यांच्याकडे पाहिलं आणि फाइल मिटली. म्हणाले, "राहू दे. वाढा." आम्ही खूप आग्रह केला, पण ते थेट पाटावर जाऊन बसले. दुसऱ्या दिवशी पुण्याला गेले.

पुढे मुक्ता शिकायला मेलबर्नला गेली. आमची मुलगी शारजात वाढलेली, आम्ही मराठीत विचारायचं आणि तिनं इंग्रजीत उत्तर द्यायचं. एक दिवस तिचा फोन आला. हसताना तिला बोलता येईना. वर्गात प्राध्यापकांनी सहज त्या काळाचा विषय काढला आणि ही उभी राहून घडाघडा बोलली. विधवा, कवी, दोन्ही संपादकांचे आवाजसुद्धा! वर्ग थक्क. प्राध्यापकांनी विचारलं, आणि एप्रिलमध्ये? "आई, आय सेड, इन एप्रिल डिनर वॉज सर्व्ह्ड!"

मी हसले. पण फोन ठेवायच्या आधी ती म्हणाली, "आई, आय रिअली वॉन्ट टु नो. काकांचा नंबर दे ना."

दर रविवारी ती पुण्याला फोन करू लागली. काकांनी अर्थातच जानेवारीपासून सुरुवात केली. "पाया नको?" कॉलिंग कार्ड मधेच संपायचं, मग पुढच्या रविवारी आधीची उजळणी. एप्रिल, मे, केक खाणारा माणूस. ती अधूनमधून मला कळवायची, सप्टेंबर चालू आहे, काका खोकतात फार. मग एकदा म्हणाली, झाला डिसेंबर. डिसेंबरात काय होतं ते मात्र सांगेना. म्हणाली, काकांनी सांगितलंय, एवढ्यात नको.

त्यानंतर लवकरच काका गेले. मी काकूंना फोन केला. मी काही म्हणायच्या आधी काकूच म्हणाल्या, "मुक्तामुळे त्यांचा डिसेंबर झाला हो. मी दाराआडून ऐकला."

त्या संध्याकाळी मुक्तानं आम्हाला सांगितलं. डिसेंबरात पुस्तक वगैरे काहीच नव्हतं. आभार होते. साहेबांच्या सासूबाईंचे, फॅक्स मशीनचे, काकूंचे. आणि मग एक माफी. तेवढं तिनं मराठीत सांगितलं, अडखळत, काकांनी घोकवून घेतलं असावं तसं: "त्या दिवशी चोपन्न माणसं माझ्यामुळे मटण-भाताला मुकली. सुधीरनं फोन ठेवल्या ठेवल्या बायको म्हणाली होती, अहो, तो किराणा म्हणतोय. ते मलाही कळलं होतं. पण दुबईत आल्यापासून मला कुणी साहित्याबद्दल विचारलं नव्हतं. विचारलं, तर त्याची गाजरं करवेनात मला."

"पण हे आधी सांगायचं ना कधीतरी!" मी म्हटलं.

"आय आस्क्ड हिम दॅट," मुक्ता म्हणाली. "ही सेड, हाऊ कॅन आय? इट कम्स इन डिसेंबर."

फोन स्पीकरवर होता. सुधीर सोफ्यावर बसला होता. "म्हणजे मी बरोबर होतो," तो म्हणाला. हे वाक्य म्हणायची त्यानं इतकी वर्षं वाट पाहिली होती. मग त्यानं चष्मा काढला, फोन जवळ ओढला आणि विचारलं, "मुक्ता, एप्रिलमध्ये काय झालं होतं गं?"

पलीकडून ती मराठीत म्हणाली, "थांबा बाबा. जानेवारीपासून सांगते."