नाटकाचा वाटा

भोरच्या कॉलेजात दुसऱ्या वर्षाला असताना वर्गात मी एकदाच आपणहून हात वर केला. प्राचीन ग्रीसचा तास चालू होता. सर सांगत होते की अथेन्समधल्या ओबोल नावाच्या नाण्याचा मूळ अर्थ मांस भाजायची लोखंडी सळई असा आहे. सहा सळया एका मुठीत मावत, म्हणून सहा ओबोलांच्या नाण्याचं नाव ‘मूठ’ या अर्थाचं पडलं. देवापुढं बळी द्यायचा, मांस भाजायचं आणि सगळ्यांच्या डोळ्यांदेखत ते सारखं वाटायचं. काही अभ्यासकांना वाटतं की पैशाची कल्पना त्या लोकांच्या मनात या वाटपातूनच रुजली असावी. आणि अशाच उत्सवात, देवळाला लागून, नाटकं होत.

मी उभी राहिले आणि म्हणाले, “सर, आमच्या वाडीत हे अजून होतं.”

वर्ग हसला. मागून एक मुलगा म्हणाला, “ग्रीक आलीया, सरका जरा.”

सर मात्र हसले नाहीत. खडू खाली ठेवून म्हणाले, “सांग. सावकाश सांग.”

आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजात गेलं नव्हतं. आपल्या वाडीतलं काही या वर्गात सांगण्यासारखं असेल, असं मला त्या दिवसापर्यंत वाटलं नव्हतं. ते ‘सांग’ मी अजून विसरलेले नाही.

मी सांगितलं ते असं. पालीच्या अलीकडं, गडाच्या डोंगराच्या पायथ्याला आमची वाडी आहे. चैत्रात गावदेवीची जत्रा होते. सगळ्या घरांच्या वर्गणीतून बकरी येतात. दुसऱ्या दिवशी सकाळी देवळामागच्या आंब्याखाली पळसाची पानं मांडून त्यांवर मटणाचे वाटे घालतात. गावात जितके उंबरे, तितके वाटे. बंगल्याला मोठा नाही आणि खोपटाला छोटा नाही. वाटे घालून झाले की गुरवकाका एकेका घराची हाळी देतात आणि त्या घरातलं माणूस भांडं घेऊन पुढं जातं. सगळ्यात शेवटी एक हाळी असते: “नाटकाचा!”

तो वाटा माझ्या आत्याचा.

आत्या लग्नानंतर चौथ्या वर्षी विधवा होऊन माहेरी आली. आमच्या घराच्या कडेला आजोबांनी तिला एक खोली काढून दिली. खोलीत तिची वेगळी चूल होती. चूल वेगळी म्हणजे उंबरा वेगळा, असं आजोबांचं म्हणणं. गावानं ते मानलं नाही. माहेरी आलेल्या बाईच्या नावानं हाळी देत नाहीत, तिनं भावाच्या वाट्यात जेवायचं, असं ठरलेलं. आजोबा दोन वर्षं भांडले आणि गप्प बसले.

जत्रेत वाडीतलेच लोक नाटक करत. एका जाड वहीत कुणाच्या तरी पणजोबांनी लिहून ठेवलेलं एकच नाटक. राजा वेष पालटून गावोगाव हिंडतो, परत येतो आणि त्याच्याच वाड्याच्या दारावर त्याला कुणी ओळखत नाही. तालमी आमच्या पडवीत व्हायच्या. राजाचं काम दादांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं. वही धरून मागून वाक्यं सांगायचं काम गावातल्या मास्तरांचं होतं. एका वर्षी ऐन जत्रेच्या तोंडावर त्यांची बदली झाली. तालमीत दादा अडले. पुढचं वाक्य कुणालाच येईना, आणि वही भरभर वाचता येईल असं कुणी नव्हतं. तेव्हा आतून, भाकरी थापता थापता, आत्यानं ते वाक्य सांगितलं. त्याच्या पुढचंही सांगितलं. तिला वाचता येत नव्हतं. दरवर्षीच्या तालमी भिंतीआडून ऐकून अख्खं नाटक तिला पाठ झालं होतं.

त्या वर्षापासून ती पडद्यामागं बसायला लागली. एरवी आमच्यासारखीच ‘व्हय’ आणि ‘न्हाई’ बोलणारी आत्या पडद्यामागून पुस्तकातलं शुद्ध बोलायची, हळू आवाजात, पण नेमकं नटाच्या कानापर्यंत. गावानंही मग वाट काढली. बाईला उंबरा देता येत नसेल, तर नाटकाला वाटा देता येतो. आणि नाटकाचा वाटा नेणार कोण, तर नाटक सांगणारी.

सरांनी मला त्या दिवशी एक पुस्तक दिलं. शनिवारी नसरापूरला गाडी बदलताना मी ते वाचायची, इंग्रजी अडलं की पेन्सिलीनं खूण करायची, आणि घरी गेले की आत्याला त्यातलं सांगायची.

“त्या गिरीक लोकांच्यात बायांची कामं बाया करायच्या का गं?” तिनं एकदा विचारलं.

“नाही. पुरुषच करायचे, मुखवटे लावून.”

“म्हंजी आपल्यासारखंच. मिशा तरी काढत हुते का?”

“मुखवट्याखाली काय दिसतंय?”

“आन नाटक बघायला तरी बाया जायच्या का?”

“ते नक्की माहीत नाही. अभ्यासकांत वाद आहे.”

“आता मेली ती माणसं, आन अजून वाद हाय?” ती हसली. मग म्हणाली, “बसल्या आसत्याल कुटंतरी भिताडामागं. तू बघ नीट पुस्तकात.”

गरिबांना नाटक बघता यावं म्हणून अथेन्समध्ये सरकारातून पैसे मिळायचे, हे तिला फार आवडलं. आणि एखाद्या श्रीमंत माणसानं नाटकाचा खर्च उचलायचा, त्याचं नाटक पहिलं आलं तर त्यानं आपल्या नावाचा खांब उभारायचा, हे सांगितल्यावर ती म्हणाली, “खांब कशाला? देवीला दिलं का न्हाई, मग झालं.”

आमच्याकडंही तसा माणूस निघाला. वाईट नव्हता, हे आधीच सांगते. रस्त्याकडेची जमीन विकून त्यानं गडावर येणाऱ्या लोकांसाठी हॉटेल काढलं आणि चार पोरांना कामाला लावलं. तो जत्रेचा अध्यक्ष झाला. म्हणाला, ऑर्केस्ट्रा मी आणतो, गावानं एक रुपया घालू नये. नाटकातली माणसं म्हातारी झाली होती, तरुण मुलं पुण्याला कंपनीत. कुणी नाही म्हटलं नाही. दादांनी राजाचा फेटा ट्रंकेत ठेवला. एसटीच्या थांब्यावर मोठा फ्लेक्स लागला. वाटे घालणं गुरवकाकांकडून कमिटीकडं गेलं आणि माईकवरून यादी वाचायची ठरली. त्या यादीत ‘नाटक’ नव्हतं, कारण नाटकच नव्हतं.

हे मला दादांनी फोनवर सांगितलं. मी तोवर पुण्यात एका शाळेत इतिहास शिकवायला लागले होते. आत्याला विचारलं, तर म्हणाली, “दात कुटं ऱ्हायल्यात मला मटान खायाला.” आणि फोन दादांकडं दिला. दादा हळूच म्हणाले, “दोन दिस झालं, जेवली न्हाई धड.”

मग मी ती चूक केली. आत्याच्या नावानं मोबाईलवरून कमिटीला पैसे पाठवले, वर्गणीच्या कितीतरी पट. माझ्या पगारातले. मला वाटलं, आजोबांना भांडून जमलं नाही, ते मी शिकले म्हणून एका मिनिटात केलं. अध्यक्षांचा लगेच फोन आला. “ताई, मन मोठं हाय तुमचं! आत्याबाईंचा फोटू धाडा.” माझ्याकडं तिच्या आधार कार्डावरचा फोटो होता. तोच धाडला.

जत्रेच्या दिवशी गाडीतून उतरले, तर थांब्यावरच्या फ्लेक्सवर खालच्या ओळीत आत्या. घाबरलेले डोळे, डोक्यावरून पदर, पाठीमागं पांढरं. दोन बायका वर बघत उभ्या होत्या.

“फोटू लागला म्हंजी? गेली का काय?”

“न्हाई गं, सकाळीच पानी भरताना बोलली माझ्यासंगं.”

दुसऱ्या दिवशी आंब्याखाली माईकवरून आधी देणगीदारांची नावं वाचली. त्यांना दुप्पट वाटे, स्टीलच्या नव्या डब्यांतून. आत्याचं पूर्ण नाव, सासरच्या आडनावासकट, सगळ्या डोंगराला ऐकू गेलं. शाल घेऊन अध्यक्ष उभे. आत्या देवळाच्या ओट्यावर बसली होती, ती उठली नाही. शेवटी मीच जाऊन डबा आणि शाल घेतली. खाली वाटे कमी पडत गेले. शेवटच्या पाच-सहा घरांच्या पानावर नुसती हाडं आली, आणि त्यांतलं एक घर पाणी भरताना बोलणाऱ्या त्या बाईचं होतं.

घरी आल्यावर आत्यानं डबा उघडलाही नाही. आईकडं सरकवला. मी म्हणाले, “आत्या, तुझाच आहे.”

“माझा न्हाई,” ती म्हणाली. रागानं नाही, लहान मुलाला सांगावं तसं. “मला गाव द्यायचं गं. तू इकत आनलास.”

पुण्याला परतताना सरांचं ते पुस्तक पुन्हा काढलं. त्यात एक प्रकरण होतं, सगळ्यांचा सारखा वाटा म्हणून सुरू झालेला पैसा पुढं कसा बदलला त्यावर. एकदा नाणं हातात आलं की ते कुठल्याही वस्तूच्या बदल्यात चालतं, आणि ज्याच्याकडं ते जास्त आहे त्याला इतरांबरोबर एका पंक्तीत बसायची गरज उरत नाही. म्हणूनच त्यांच्या नाटकातले राजे शेवटी इतके एकटे असतात, असं लेखक म्हणत होता. कॉलेजात असताना या पानावर मी पेन्सिलीनं ‘परीक्षेसाठी महत्त्वाचे’ असं लिहून ठेवलं होतं. मला फार लाज वाटली.

पुढच्या वर्षी मी घराची नेहमीची वर्गणी दादांकडं दिली. बाकी काही केलं नाही. हाडं आलेल्या घरांनी वर्षभर कमिटीला टोमणे मारले होते. अध्यक्षही शेवटी म्हणाले, “ऑर्केस्ट्रा माझा, वाट्यांचं तुमी पुन्यांदा गुरवकाकांकडं द्या. माझ्या हाटेलात शिव्या नगं.” त्यामुळं माईक नव्हता. पानं मांडली, वाटे घातले, हाळ्या सुरू झाल्या. आत्या ओट्यावर, नेहमीच्या जागी. दादा आमच्या घराचा वाटा पातेल्यात घेऊन बाजूला उभे.

शेवटच्या घराची हाळी झाली. एका पानावर वाटा उरला होता. गुरवकाकांचा हात इतक्या वर्षांच्या सवयीनं एक पान जास्त मांडून गेला होता. ते त्या पानाकडं बघत राहिले, आणि तोंडातून सवयीनंच गेलं, “नाटकाचा!”

लोक हसले. कमिटीतला एक जण म्हणाला, “काका, नाटक कुटं झालं? बंद झालं की ते.”

“मग ह्याचं काय करू?”

“ठिवा देवीम्होरं. न्हाईतर घाला त्या हाटेलवाल्याला.”

“मला नगं बाबा,” अध्यक्ष म्हणाले. पुन्हा हशा झाला.

आत्या उठली. गुडघ्यावर हात टेकून, सावकाश. मला वाटलं, घरी निघाली. पण ती ओट्याच्या कडेला येऊन उभी राहिली. इतकी वर्षं पडद्यामागं बसलेली बाई गावानं पहिल्यांदा समोरून पाहिली. आणि तिच्या त्या हळू, पडद्यामागच्या आवाजात ती म्हणाली,

“थांब! कोण आहेस तू? कुठल्या घरचा?”

नाटकातलं, वाड्याच्या दारावरच्या पहारेकऱ्याचं वाक्य. ऐकू यावं म्हणून लोक गप्प झाले. दादा मटणाचं पातेलं हातात घेऊन उभे होते. त्यांचं त्यांनाही कळलं नसेल, पण मान ताठ झाली, छाती पुढं आली.

“मी याच घरचा. मला ओळखलं नाहीस?”

“येणारा प्रत्येक जण असंच म्हणतो. ओळख पटव.”

“ओळख? दाराला विचार. पायरीला विचार...” दादा अडले. खरंच अडले. दोन वर्षं फेटा ट्रंकेत होता.

“त्या चुलीला विचार,” आत्यानं हळूच सांगितलं.

“त्या चुलीला विचार,” दादा म्हणाले, “जिच्यातला विस्तव मी पेटवला.”

एवढंच. पुढचा प्रवेश करायला दरबारातली माणसं नव्हती, दोघं तर गेलीच होती. मग गुरवकाका कमिटीकडं वळून म्हणाले, “झालं न्हवं नाटक?” आणि पान दोन्ही हातांनी उचलून पुन्हा, या वेळी डोंगराकडं तोंड करून, मोठ्यांदा हाळी दिली, “नाटकाचा!”

आत्यानं भांडं आणलं नव्हतं. तिनं पदर पुढं केला. मी “अगं, लुगडं खराब होईल” म्हणेपर्यंत पान पदरात होतं.

आम्ही घरी आलो. खोलीच्या दारात थांबून ती म्हणाली, “चूल पेटीव. आन मऊ शिजू दे, घाई करू नगंस.”

तिच्या चुलीवर आम्ही दोघींनी ते दुपारभर शिजवलं. तुकडे तिला चावेनात, ते मी खाल्ले. ती रश्शात भाकरी कुस्करून खात होती. मध्येच मला म्हणाली, “त्यो तुझा दादा, अजून तितंच अडतूया बघ. धा वर्सं सांगतीया त्येला, चुलीला इचार म्हनून.”