पुढच्या सीटवरचा गोलकीपर

माझ्या बायकोचं म्हणणं आहे की घरात कोणी आलं की मी आधी त्याच्या चपला बघतो आणि मग तोंड. खोटं नाही ते. पण या संशयी स्वभावाला खरी धार आली ती बहारीनला, एका स्वीडिश गोलकीपरच्या पायी.

मी तेव्हा मनामातल्या एका फुटबॉल क्लबात ड्रायव्हर होतो. देवगडकडचा माणूस मी, फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं. खेळाडूंची मिनीबस चालवायची आणि उरलेल्या वेळात कोचची गाडी, एवढंच काम. आधीचा कोच ऐन हंगामात दुसऱ्या क्लबाला जाऊन मिळाला होता आणि जाताना चांगले खेळाडूही फितवून घेऊन गेला होता. म्हणून स्वीडनचा नवा कोच यायच्या आदल्या दिवशी सेक्रेटरीने मला ऑफिसात बोलावलं. हा बहारीनीच, बोलायला गोड. त्याने मला चहा पाजला. ड्रायव्हरला चहा म्हणजे यात काहीतरी पाणी मुरतंय, हे मी ओळखलं.

"तुम गाडी चलाता," तो म्हणाला. "वो किधर जाता, किससे मिलता, सब हमको बोलने का. वो भागा, तो तुम्हारा वीजा भी खलास."

त्या दिवसापासून मी डोळ्यांत तेल घालून त्या कोचवर पाळत ठेवायला लागलो.

माणूस उंच, पन्नाशीकडे झुकलेला, आणि हाताची बोटं आल्याच्या गड्ड्यासारखी वेडीवाकडी. पहिल्याच दिवशी मी मागचं दार उघडून उभा राहिलो, तर हा स्वतःच पुढचं दार उघडून माझ्या शेजारी येऊन बसला. साहेब लोक मागे बसतात, हे मला माहीत होतं. गोरे असेच साधे असतात, असं आमच्या खोलीवरचे लोक म्हणाले. माझ्या मनात मात्र शंकेची पाल चुकचुकली ती चुकचुकलीच.

गाडीत तो थोडं थोडं बोलायचा. आम्हा दोघांचीही इंग्रजी मोडकी, तिचं इथे मराठी करून सांगतो. त्याच्या गावात लाकूड कापण्याचा कारखाना होता. दिवसा तिथे काम आणि संध्याकाळी गोलात. मैदानावरचा बर्फ फावड्याने ओढून मग खेळायचे म्हणे. चाळिशी गाठेपर्यंत त्याने गोल सोडला नाही. शेवटी क्लबाने एक तरुण गोलकीपर आणला आणि त्याला शिकवायचं काम याच्यावरच टाकलं. तो कोच झाला तो असा. सत्तरच्या दशकातली सगळी वर्षं या गावातून त्या गावात कोचगिरी करत फिरला आणि फिरत फिरत आमच्या वाळूत येऊन पोचला. मी ऐकून घ्यायचो आणि मनात म्हणायचो, एवढी वर्षं कोचगिरी केलेला माणूस इथे कशाला येईल? तिकडे काय करून आलाय?

आणखी एक गोष्ट मला खटकायची. आमचं मैदान वाळूचं. प्रॅक्टिसच्या आधी हा जाऊन दोन खांबांच्या बरोबर मध्ये उभा राहायचा आणि बुटाच्या टाचेने समोर एक सरळ रेघ ओढायचा. आता मी कोकणातला. कोणी जमिनीवर रेघ ओढताना दिसला की आमच्याकडे आधी लिंबू कुठे ठेवलंय ते शोधतात. मीही शोधलं. दोन्ही खांबांच्या बुडाशी वाळू उकरून पाहिली. लिंबू नाही, टाचणी नाही, काही नाही. माझी उकराउकर त्याने पाहिली असावी, कारण घरी जाताना त्याने न विचारताच सांगितलं.

"गोलकीपरचा गोल त्याच्या पाठीमागे असतो. मागे वळून बघायला वेळ नसतो. पुढे धावलो आणि पायाखाली ती रेघ दिसली, की आपण कुठे आहोत ते कळतं."

मला पटलं. पण फार नाही.

मग शुक्रवार सुरू झाले. सुट्टीच्या दिवशी सकाळीच तो मला मीना सलमानला घेऊन जायला लागला. बंदराजवळ गोदामांच्या रांगेशी उतरायचा, "इथेच थांब" म्हणायचा आणि दोन गोदामांच्या मधल्या बोळात गडप व्हायचा. परत यायचा तेव्हा गुडघे मातीने माखलेले, कधी कोपर सोललेलं, आणि चेहरा असा खूश की जणू लॉटरी लागली. सौदीला जोडणारा पूल तेव्हा अजून व्हायचा होता. बेटावरून पळायचं तर विमान नाहीतर बोट. खोलीवर मी हे सांगितलं, तर आमच्यातला मालवणचा गडी म्हणाला, "अरे, तो गोरो एक दिवस बोटीत बसान पळतलो, आणि तू गाडी घेवन थंयच बघीत रवतलंस!"

माझी झोप उडाली. गावी घराचं छप्पर अर्धं घालून आलो होतो. वीजा गेला तर उरलेलं अर्धं कोण घालणार?

पुढच्या शुक्रवारी मी त्याच्या मागोमाग गेलो. बोळाच्या टोकाला, गोदामाच्या मागे एक मोकळी जागा. तिथे तेलाचे दोन रिकामे पिंप ठेवलेले, मध्ये टाचेने ओढलेली रेघ, आणि त्या रेघेवर आमचा कोच गुडघ्यात वाकून उभा. समोर बंदरावरचे आणि वर्कशॉपमधले कामगार. मल्याळी, पठाण, आपलेही एकदोन रत्नागिरीकडचे. तो कोण आहे याचा कोणालाच पत्ता नव्हता. एकाने सरळ बॉल मारला, तो याच्या हाताखालून निघून गेला.

"ए बाबा, सोया क्या?" एक पठाण ओरडला.

आणि हा हसला. क्लबात मी त्याला कधी हसताना पाहिलं नव्हतं. पुढचा बॉल अडवायला त्याने त्या दगडगोट्यांत अंग झोकून दिलं, आणि अडवला.

मी बघतच राहिलो. तरीही माझं मन म्हणत होतं, हे सोंग तर नाही?

शेवटी मीच गाडीत विचारून टाकलं, तिथे शिव्या खायला कशाला जाता? तो म्हणाला, "क्लबात मी उभा राहून सांगतो, असं कर, तसं कर. गोदामामागे मला कोणी कोच म्हणत नाही. तिथे मी गोलकीपर असतो." आणि त्याच सुरात पुढे, "तू हे सेक्रेटरीला सांगणार ना?"

"तुम्हाला कोणी सांगितलं?" मी विचारलं.

"पहिल्या दिवशी विमानतळावर बघितलं होतं तुला," तो म्हणाला. "मी गाडीपाशी यायच्या आधी तू आत बसून आरसा फिरवून घेत होतास. रस्ता दिसावा म्हणून नाही, मागची सीट दिसावी म्हणून. तेव्हाच ठरवलं, या माणसाच्या शेजारी, पुढेच बसायचं."

म्हणजे तो साधेपणा नव्हता! मी त्याच्यावर नजर ठेवून होतो आणि तो माझ्यावर. मला राग आला, आणि खरं सांगायचं तर थोडं बरंही वाटलं. आपल्याच जातकुळीचा निघाला.

त्याच आठवड्यात सेक्रेटरीने मला पुन्हा बोलावलं. या वेळी चहा नव्हता. कोचची गाडी मीना सलमानला उभी असते, हे त्याला कोणीतरी सांगितलं होतं, आणि दुसऱ्या क्लबाच्या एका बड्या माणसाची गोदामं नेमकी तिथेच होती. मी खरं तेच सांगितलं. तो लेबर लोकांबरोबर खेळतो, गोलात उभा राहतो.

"हमारा कोच? लेबर के साथ? झूठ मत बोलो. उसने तुमको क्या दिया?"

मी कपाळाला हात लावला. जन्मभर मी लोकांवर संशय घेतला, आणि एकदा खरं बोललो तर माझ्यावरच संशय. या शुक्रवारी आपण स्वतः येऊन बघणार, असं त्याने सांगितलं. तिथे खेळ दिसला नाही, तर मी बॅग भरायची.

शुक्रवारी गाडी सुरू करताना मी कोचला सगळं सांगून टाकलं. म्हटलं, "आज नका जाऊ. सेक्रेटरी येणार आहे. तुम्हाला तिथे बघितलं तर तुमचं काही खरं नाही."

"आणि मी गेलो नाही तर?"

मी उगाच समोरची काच पुसायला लागलो.

"मग तू खोटा ठरशील," तो म्हणाला. "यल्ला, चल."

तो गेला. पिंप सरकवून नीट केले, टाचेने रेघ ओढली आणि उभा राहिला. थोड्या वेळाने बोळाच्या तोंडाशी सेक्रेटरी दिसला, पांढऱ्याशुभ्र थोबमध्ये, धूळ लागू नये म्हणून तो पायघोळ अरबी झगा हातात उचलून धरलेला. कोचने त्याला पाहिलं. नक्की पाहिलं. तेवढ्यात एका वेल्डरने बॉल मारला, अगदी पोरानेही अडवला असता असा बॉल, आणि तो कोचच्या हातांतून सुटून मागे गेला. सगळे ओरडले. सेक्रेटरी आल्या पावली निघून गेला.

माझ्यावरचा संशय फिटला. कोचचं मात्र त्या हंगामाअखेर काम संपलं. लेबर लोकांचा बॉल ज्याला अडवता येत नाही तो आमच्या पोरांना काय शिकवणार, असं क्लबात सगळे म्हणायला लागले. ते ऐकून माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा, पण ड्रायव्हरला कोण विचारतो? तो बॉल खरंच सुटला होता का, याचाही मला आजतागायत संशय आहे. सुटला असेल तर वाईट, आणि सोडला असेल तर त्याहून वाईट, कारण मग असला कोच कोणी पळवणार नाही हे सेक्रेटरीला पटावं आणि माझा वीजा वाचावा, म्हणूनच सोडला असणार.

तो परत जायचा त्या दिवशी मी त्याची बॅग डिकीत ठेवली आणि सवयीने पुढचं दार उघडून उभा राहिलो. त्याने माझ्याकडे बघितलं, मान हलवली आणि मागचं दार उघडून मागे बसला. विमानतळाच्या वाटेवरचा मुहर्रकचा पूल येईपर्यंत तो झोपून गेला होता. मी आरसा फिरवला, रस्ता दिसेल असा.