‘रिपोर्ट निल आलाय’

अक्काचा फोन आला तेव्हा मी सातवीच्या वर्गावर होतो. शाळेच्या वेळात ती कधी फोन करत नाही, म्हणून वर्गाबाहेर येऊन घेतला. “तू निघ,” एवढंच ती म्हणाली. काय झालं विचारलं, तर म्हणाली, “तुझे दाजी खात्यातच गेले.” सुरतेत लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या, कारखान्याला खातं म्हणतात. दाजी, म्हणजे अक्काचे यजमान दत्तराव, भेस्तानच्या एका खात्यात लग्नाच्या आधीपासून लूम चालवत होते. त्या सकाळी जबडा दुखतोय म्हणाले, कापडाच्या ताक्यांना टेकून बसले, शेजारच्या लूमवरच्या माणसाकडं त्यांनी पाणी मागितलं. तो पाणी घेऊन आला तोवर सगळं संपलं होतं. कामरेजच्या शाळेतून भेस्तानला पोचेपर्यंत मला रस्त्यातलं काही दिसलं नाही. दिसत होता तो फक्त एक रविवार, आणि त्या रविवारी भरल्या खोलीत उभे राहिलेले दाजी... आज महिना उलटून गेला, तरी त्यांची आठवण त्या खोलीपासूनच सुरू होते. म्हणून तेच लिहितोय.

दाजी परभणीकडचे. माणूस अबोल. लूमच्या आवाजात आयुष्य गेल्यानं की काय, घरीही दोन शब्दांत बोलणं उरकायचे. अक्काचं लग्न होऊन ती भेस्तानच्या त्या दोन खोल्यांत आली तेव्हा मी डी.एड. करत होतो, सुट्टीत तिच्याकडं येऊन राहायचो. दाजींच्या आई, ज्यांना सगळे माय म्हणत, त्यांच्यासोबतच होत्या. सुरुवातीची वर्षं बरी गेली. मग घरात एकच विषय उरला. अक्काला लेकरू होत नव्हतं. मायनं सांगितलेले उपास झाले, कोणाकोणाचे अंगारे झाले, मग दवाखाने सुरू झाले. गर्भाच्या नळ्या मोकळ्या आहेत का, हे बघायची एक तपासणी असते. ती करून आली त्या दिवशी अक्का पोट धरून भिंतीशी पडून होती आणि माय दारात शेजारणीला सांगत होत्या, “इतकं करून बी काय उपयोग, जिमीनच खडकाळ.” अक्काला ऐकू जावं अशाच आवाजात. वांझ हा शब्द त्या घरात भांड्यांच्या आवाजासारखा रोजचा झाला होता. विशेष म्हणजे अक्काच्या सगळ्या तपासण्या चांगल्या येत होत्या. शेवटी एका डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, नवऱ्याचीही तपासणी करा.

दाजी लाजत, मान खाली घालून लॅबमध्ये गेले. नमुना दिला. दुसऱ्या दिवशी खिडकीतल्या माणसानं कागद पुढं सरकवत सांगितलं, “नील छे.” आता, निल म्हटल्यावर आपण काय समजतो? काविळीची तपासणी निल आली म्हणजे कावीळ नाही. टीबीची निल आली म्हणजे टीबी नाही. दाजींनीही तेच धरलं. घरी येऊन म्हणाले, “रिपोर्ट निल आलाय.” मायनं देवापुढं दिवा लावला आणि गल्लीत गूळ वाटला. मह्या लेकात काही खोट नाही, असं घरोघर सांगून आल्या. डॉक्टरीणबाईंकडं परत जायची कोणाला गरजच वाटली नाही. आता खोट कोणात आहे याचा निकालच लागला होता ना.

त्यानंतरचं वर्ष वाईट गेलं. तोवर मी शिक्षक होऊन कामरेजला आलो होतो. दाजींचे थोरले भाऊ नारायणराव गावाकडं असत. त्यांनी दाजींसाठी दुसरं स्थळ बघितलं. लांबच्या नात्यातली, बाप थकलेला, अशी मुलगी. मी म्हणालो, हे कायद्यात बसत नाही. नारायणराव हसले. “गुरुजी, कायदा शाळेत. गावात कोण बघायलंय?” मुलीच्या वडिलांना घेऊन ते सुरतेला येणार आणि रविवारी बसून सगळं ठरवणार, असं पक्कं झालं. दाजी हो म्हणत नव्हते आणि नाहीही म्हणत नव्हते. अक्का काही बोलत नव्हती. तिचं रडणं मला चाललं असतं, पण ती भाकरी थापत राहायची आणि आम्ही सगळे तो थापण्याचा आवाज ऐकत बसायचो...

ती बोलली ती एकदाच, माझ्यादेखत. दाजी कामाला निघाले होते. ती दारात आडवी उभी राहिली. “दुसरी आणायची तर आणा. पण त्याआधी महे आन तुमचे सगळे कागद एका डॉक्टरला दाखवा. महं सगळं चांगलं येतंय, तुमचं चांगलं आलंय. मग खोट हाय कुठं? ते कळल्याबिगर मी ह्या घरातून निघणार नाही.” दाजींनी तिच्याकडं बघितलं, मग माझ्याकडं. “चला गुरुजी,” म्हणाले. त्या दिवशी ते कामाला गेलेच नाहीत.

उधन्याच्या बाजूला याच कामाचे एक गुजराती डॉक्टर होते. त्यांनी अक्काचे कागद बाजूला ठेवले, दाजींचा रिपोर्ट हातात घेतला आणि बराच वेळ तसाच धरून ठेवला. “दत्ताभाई, ये नील का मतलब आप क्या समझे?” दाजी म्हणाले, “साफ है. कुछ खराबी नहीं.” डॉक्टरांनी चष्मा काढून ठेवला. मला त्यांच्या चेहऱ्यावरून कळलं आणि वाटलं, आपण बाहेर जावं. पण दाजींनी माझं मनगट धरलं होतं.

डॉक्टरांनी सावकाश सांगितलं. निल आहेत ते शुक्राणू. वीर्य आहे, पण त्यात बीज नाही. कमी असतील तर त्याला वेगळा शब्द आहे, अजिबात नसतील तर अझूस्पर्मिया. आणि हा शब्द एका तपासणीवर कोणालाही लावायचा नसतो. पुन्हा नमुना घ्यायचा, यंत्रात फिरवून तळाशी एखादा तरी सापडतोय का बघायचं, आणि मगच म्हणायचं. पुढं मग वाट कुठं बंद झालीय, की आत तयारच होत नाहीत, हे शोधायचं. दाजी ऐकत होते की नाही, कळत नव्हतं. शेवटी त्यांनी विचारलं, “मतलब... मैं मर्द नहीं?” डॉक्टर पटकन म्हणाले, “ना, ना. वो अलग बात है. उसका इससे कोई लेना-देना नहीं. आप पूरे मर्द हो, सिर्फ़ बीज नहीं बन रहा, या बाहर नहीं आ रहा. दुनिया दोनों को एक समझती है, आप मत समझना.”

दुसऱ्या नमुन्याचा निकाल शनिवारी आला. तोच. लॅबमधून बाहेर पडलो. रस्त्यावर ताक्यांनी लादलेले टेम्पो चालले होते. दाजी चहाच्या टपरीशी थांबले, पण चहा घेतला नाही. तो शब्द पुटपुटत होते. अझू... अझूस... जीभ अडखळत होती. मग मला म्हणाले, “गुरुजी, तुम्ही मराठी शिकवता. ह्याला आपल्यात काय म्हणतात?” मी विचार करू लागलो. बाईसाठी शब्दच शब्द आहेत. वांझ आहे, वांझोटी आहे, वेगळी शिवी द्यायची गरजच उरू नये असे. पुरुषासाठी जे आहेत ते सगळे दुसऱ्याच गोष्टीचे, नामर्द वगैरे, आणि तेच तर डॉक्टरांनी खोडून काढलं होतं. पाठ्यपुस्तकी शब्द जोडून मी म्हणालो, शुक्राणुहीनता म्हणता येईल. दाजींनी मान हलवली. “हे मायला नाही कळायचं.” थोड्या वेळानं स्वतःशीच म्हणाले, “शब्दच नाही म्हणून सगळं तिच्यावर गेलं.” मी विचारलं, उद्या काय करणार? ते म्हणाले, “बघू.” घरी आल्यावर त्यांनी अक्काला काय सांगितलं, मला माहीत नाही. दार लोटलेलं होतं. बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा पांढरा पडला होता आणि तिनं माझी नजर टाळली.

रविवारी नारायणराव आले. सोबत मुलीचे वडील, धोतर नेसलेले, हातातली पिशवी कुठं ठेवावी ते न कळून उभे. माय खूश होत्या. मी अक्काची बॅग भरून दाराशी ठेवली होती. वेळ आली तर तिला तिथूनच घेऊन निघायचं, असं मी ठरवलं होतं. पंखा फिरत होता, तरी सगळे घामाघूम. नारायणरावांनी बोलायला सुरुवात केली, लेकराशिवाय घर कसं असतं, वंश म्हणजे काय, पहिलीला कोणी टाकणार नाही, तीही इथंच राहील. दाजी भिंतीला टेकून बसले होते. मला वाटलं, बोलत नाहीत आता. आपणच उठावं. मी बॅगेकडं हात नेला.

तेवढ्यात दाजी उभे राहिले. उभं राहायची गरज नव्हती, पण राहिले. “भाऊ, थांबा. तिच्यात खोट नाही. मह्यात हाय.” कोणाला काही कळेना. माय म्हणाल्या, “काय बोलतूस? निल आलंतं की. म्या गूळ वाटला.” दाजी मायसमोर जाऊन बसले. एकेक शब्द वेगळा येत होता. “माय, निल म्हंजे खोट नाही असं नव्हं. बीज नाही. दोनदा बघितलं डॉक्टरनं. त्याला अझूस्पर्मिया म्हणतात. दुसरी आण नाहीतर तिसरी आण, लेकरू व्हायचं नाही.”

मग नारायणराव म्हणाले, “हे बायकोनं शिकवलंय तुला.” दाजींनी वळून बघितलं. इतक्या वर्षांत मी त्यांना कोणावर रागावलेलं पाहिलं नव्हतं. “तिचं नाव घेऊ नका आता. लई झालं घेऊन.” नारायणराव जरा वरमले. आवाज खाली आणून म्हणाले, “बरं, नसंल घ्यायचं. पण हे बाहेर बोलू नको, दत्ता. लोक काय म्हणतील तुला.” दाजी म्हणाले, “तिला म्हणत होते ते बाहेरच म्हणत होते ना?”

मुलीच्या वडिलांनी पिशवी उचलली, दाजींपुढं हात जोडले आणि म्हणाले, “पाहुणं, मह्या पोरीला वाचिवलं तुमी.” ते गेले. त्यांच्यामागं नारायणरावही चडफडत गेले. माय भिंतीकडं तोंड करून बसल्या आणि संध्याकाळपर्यंत तशाच बसून राहिल्या. अक्का आत उभी होती. मी बॅग उचलून आत नेऊन दिली, ती तिनं माझ्या हातातून घेतली आणि एकेक साडी काढून पुन्हा कपाटात ठेवायला लागली...

सगळं लगेच सुरळीत झालं, असं मी म्हणणार नाही. गोष्ट खात्यात पोचली. कोणी दाजींच्या पाठीमागं हसलं, एकानं तोंडावर नामर्द म्हटलं. दाजी मारामारी करतील असं सगळ्यांना वाटलं. त्यांनी लूम बंद केला आणि डॉक्टरांनी जसं सांगितलं होतं तसंच त्या माणसाला सांगितलं, न चिडता. कठीणच होतं ते. त्या दिवशी घरी येऊन ते जेवले नाहीत, असं अक्का सांगते. डॉक्टरांनी पुढं एक लहानशी शस्त्रक्रिया करून आत बीज सापडतंय का पाहिलं. सापडलं नाही. दुसऱ्या कोणाचं बीज घेऊन मूल होऊ शकतं, असंही त्यांनी सांगितलं होतं. दाजी तयार होते. अक्काच नको म्हणाली. “मला लेकरू पाहिजे होतं तव्हा सगळ्यांनी मला बोलून घेतलं. आता महा जीव थकला. आपण दोघं राहू.” त्यांनी पुन्हा विचारलं नाही.

माय कित्येक महिने अक्काशी बोलल्या नाहीत. तिच्या हातचं जेवायच्या, पण मुकाट्यानं. एकदा गल्लीतली कोणी बाई डोहाळजेवणाला सगळ्यांना बोलवत आली आणि अक्काला वगळून पुढं निघाली. माय उंबऱ्यात बसल्या होत्या. त्यांनी तिला हाक मारून थांबवलं. “मह्या सुनंला सोडून मला कामून बोलवतीस? आम्ही नाही येत.” बस, एवढंच. माफी वगैरे कधी मागितली नाही. पण शेवटच्या आजारपणात पाणी पाजायला त्यांना अक्काच लागायची.

पुढं एक गोष्ट आपोआप घडत गेली. खात्यातला कोणी, कोणाचा भाऊ, कोणाचा जावई, हळूच दाजींकडं यायचा. इकडं-तिकडं बोलायचा आणि जाताना विचारायचा, ती तपासणी कशी करतात हो. दाजी सुट्टी घेऊन त्याच्यासोबत जायचे. त्यातल्या पुष्कळांचं काही ना काही उपायानं मार्गी लागलं, काहींचं नाही लागलं. दाजी दोन्ही ठिकाणी सारखेच बसून राहायचे. बोलायचे कमीच. शेजारी बसायचे. अंत्ययात्रेत मला न ओळखता येणारी इतकी माणसं कुठून आली, याचा उलगडा मला स्मशानात झाला. एकजण तर लहान मुलीला कडेवर घेऊन आला होता. तिथं मुलींना आणू नये, असं कोणी तरी म्हणालं, तर तो म्हणाला, “हिला आणायचंच होतं.”

गेल्या रविवारी मी अक्काकडं गेलो होतो. दुपारची वेळ. बाजूच्या खात्यांतून लूमचा आवाज येत होता. ती गहू निवडत होती, मी नुसता बसलो होतो. कोनाड्यात दाजींचा जुना मोबाईल होता. ती अजून तो चार्ज करून ठेवते, बंद होऊ देत नाही. तो वाजला. मी उठणार, तेवढ्यात तिनं पदराला हात पुसले आणि स्वतःच उचलला. पलीकडं कोणी पुरुष होता. “दत्तराव हायेत का,” असं काहीसं घुटमळत बोलल्याचं मलाही ऐकू आलं.

“ते नाहीत आता. वारले,” अक्का म्हणाली.

तो फोन ठेवणार, हे तिला कळलं असावं. “ठेवू नका,” ती म्हणाली. “मी त्यांची बायको बोलतेय. मला सगळं माहीत हाय. मला सांगितलं तरी चालतंय.”

अक्कानं सूप बाजूला सरकवलं, भिंतीला टेकून बसली, आणि फोन कानाशी धरून त्याच्या बोलण्याची वाट बघत राहिली.