कार्सिनाह कोणाला ‘बस’ म्हणत नसे

आमच्या वोनोलेरेन गावात दारात कोणी आलं की आधी ‘बस’ म्हणतात, मग आल्याचा गरम काढा, मग विचारपूस. कार्सिनाहच्या घरी मात्र बाहेर एक बाकडं होतं आणि पाहुण्याची मजल तिथवरच. तिच्या हातचं टेंपे सगळ्या गावाला हवं असायचं. सोयाबीन पानात बांधून असं आंबवायची की दाणा दाण्याला सोडत नसे. पण बायका पाठीमागे म्हणायच्या, "टेंपे गोड आणि तोंड कडू. घरात घेतलं तर हिची जमीन झिजेल!" मला त्या बायकांचा संताप यायचा. खरं कारण मला ठाऊक होतं आणि सांगायची सोय नव्हती.

गावावरच्या डोंगराला आम्ही आजोबा म्हणतो. त्याच्या पोटात आग आहे. गावातल्या काही घरांत मधल्या खांबाशी एक चटई असते. त्या चटईचं माणूस तिच्यावरच बसतं, तिच्यावरच झोपतं. विहिरीवर जावं, चुलीपाशी जावं, कोपऱ्यावरच्या बाजारात टेंपे देऊन यावं, पण चटई गार व्हायच्या आत परत टेकावं. ही माणसं बसून आहेत तोवर आजोबा झोपून आहेत, असं आमचं मंडळ मानतं. मंडळाला नाव नाही आणि त्याबद्दल बाहेर बोलायचं नाही. मी त्या मंडळाचा हात. घरोघर फिरून चटईला तळवा लावायचा आणि ऊब कोणाची ते सांगायचं, हे माझं काम. ज्याची ऊब त्याची चटई, मरेपर्यंत. दुसरं कोणी येऊन बसलं तरच पहिल्याची सुटका.

आता हे ठाऊक असताना कोण बसेल? म्हणून ठाऊक नसलेल्यालाच बसवायचं, ही आमची पिढ्यान्‌पिढ्यांची रीत. रीत कसली, लबाडीच ती.

कार्सिनाह लग्न होऊन आली तेव्हा शेजारच्या सोमोआजीने तिला बोलावून घेतलं. "ये गं पोरी, बस जरा चटईवर. मी विहिरीवर जाऊन येते." नवी सून, मोठ्यांचा शब्द कसा मोडणार? बसली बिचारी. सोमोआजी विहिरीवरून जी गेली ती थेट धाकट्या लेकाकडे, खालच्या शहरात. माझ्या आधीच्या हाताने चटई चाचपली आणि निकाल दिला. तेव्हापासून चटई कार्सिनाहच्या घरात आली, किंवा कार्सिनाह चटईच्या घरात गेली म्हणा.

तिचा नवरा वैतागून सुमात्राच्या मळ्यांत गेला तो तिकडचाच झाला. मुलगी विनार्ती सेमारांगच्या शिवणकारखान्यात लागली. तिच्या लग्नाला आई गेली नाही. विनार्तीने धरलेला अबोला पुढे कितीतरी दिवस टिकला.

मी एकदा म्हटलं, "यू कार्सी, एखाद्या फिरत्या विक्रेत्याला बस म्हण की. सुटशील." यू म्हणजे थोरली बहीण, मी तिला तसंच मानायची.

"आणि त्याच्या घरी कोणी वाट बघत असेल तर?"

"मग सोड चटई नि जा निघून."

"सादिमिनने सोडली होती ना?" ती म्हणाली. वरच्या वाडीतल्या सादिमिनने चटई गार होऊ दिली, आणि त्याच वर्षी गरम राख उतरून वाडीच गेली. राख त्याच्यामुळे आली की यायचीच होती, देव जाणे. करून बघायची छाती कोणाची आहे?

विनार्ती आली ती भर दुपारी, न कळवता. दिवस भरत आलेले, पाय सुजून टम्म. मी नेमकी फेरीला आले होते, दारातच होते.

"आई, तुला न्यायला आलेय. बाळंतपणाला मला माझीच आई पाहिजे. नाही म्हणू नकोस."

कार्सिनाहने तिच्या पोटाकडे पाहिलं. "काढा आणते आधी," म्हणत ती चुलीकडे पळाली. पळाली ती रडू लपवायला, हे मला दिसलं.

"बुलिक, तुम्ही तरी सांगा तिला," विनार्ती मला म्हणाली. बुलिक म्हणजे मावशी. दमली होती पोर. बोलता बोलता खांबाला हात टेकला आणि हुश्श करून आईच्या चटईवर बसली. मी ओरडायला हवं होतं, पण मंडळाच्या हाताला तोंड नसतं. बसणाऱ्याला अडवायचं नाही.

कार्सिनाह काढा घेऊन आली. पेला तिथेच पडला.

"ऊठ! ऊठ तिथून!"

"अगं, पाय बघ माझे…"

"बाहेर बाकड्यावर बस! ऊठ म्हणते ना!" तिने गरोदर लेकीला दंडाला धरून खेचलं. विनार्ती हलेना, तेव्हा थोबाडीत मारली.

विनार्ती उठली. गाल धरून आईकडे बघत राहिली. "लोकांना बसू देत नाहीस ते माहीत होतं," ती म्हणाली. "मी पण लोकच का गं?"

कार्सिनाह वाकून पडलेला पेला उचलायला लागली.

"बाळ झालं की कळवणार नाही. बस तू तुझी चटई धरून." पिशवी उचलून ती बसथांब्याकडे निघाली. मागे वळून बघितलं नाही.

कार्सिनाह दारापर्यंत गेली. लेकीची समजूत काढेपर्यंत चटई गार झाली असती. ती परत फिरली, चटईपाशी उभी राहिली आणि मला म्हणाली, "लाव हात. खरं सांग. तिची की माझी?"

मी वाकून तळवा ठेवला. मोठी, ओलसर, पोटुशी बाईची असते तशी ऊब. आईची खूणसुद्धा उरली नव्हती. माझ्या एका शब्दावर कार्सिनाह मोकळी झाली असती, आणि मंडळाची माणसं बसथांब्यावरून पोरीला परत घेऊन आली असती.

"तुझी," मी म्हणाले.

कार्सिनाह गुडघ्यांवर बसली. तिने स्वतःचा हात तिथे ठेवला.

"म्हातारा झाला गं तुझा हात, तुगिनेम," ती म्हणाली, आणि ती ऊब जायच्या आत तिने तिथे गाल टेकला.