कानात सांगितलेलं नाव

बातमी आली तेव्हा मी रायपूरला, बूढापाऱ्यातल्या आमच्या गच्चीवर बाळाची दुपटी वाळत घालत होते. फोनवर निखिल, माझ्या धाकट्या बहिणीचा, मंजूचा नवरा. इतके दिवस शंकर नगरच्या दवाखान्यातून तो रोज "ताई, दुपटी पाठवा" म्हणायचा. त्या दिवशी नुसतं "ताई, तुम्ही या" म्हणाला... दुपटी मागितली नाहीत, तेव्हाच कळलं. तरी हातातली दोन्ही झटकून, चिमटे लावूनच मी खाली उतरले. हाताला तेवढी सवय लागली होती.

सवा महिनाही न जगलेल्या पोराबद्दल काय लिहायचं, असं वाटेल कुणाला. शेजारच्या काकूंना वाटलंच. "त्याले अजून समजतच काय होतं," म्हणाल्या. असा राग आला मला! अहो, माझा आवाज समजायचा त्याला. मी भाजीवाल्याशी भांडत घरात शिरले की दूध सोडून ऐकत राहायचा. रडायचं झालं की आधी डावी भुवई चढायची, मग तोंड वाकडं व्हायचं, आवाज सगळ्यात शेवटी. मी त्याला टिल्ल्या म्हणायचे. मंजू चिडायची, "ताई, बारसं होऊ दे ना आधी!"

आईबाबा गेल्यापासून मंजूचं माहेर म्हणजे मीच. पहिलं बाळंतपण माहेरी, यावर आमच्याकडे चर्चाही होत नाही. सातव्या महिन्यात डोहाळजेवण आटोपून ती नागपूरहून माझ्याकडे आली. निघताना तिथल्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, डांग्या खोकल्याचं एक इंजेक्शन आता घ्यायचं, जिथे बाळंत होणार तिथेच घ्या. बाळाला स्वतःचं पहिलं इंजेक्शन दीड महिन्याचं झाल्यावर मिळतं, तोवर आईकडून पोटात मिळालेलं बळच त्याला पुरतं. सामानसुमान, गाडी, निरोप यात मंजू ते विसरली. इथल्या डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "टीके लग गए?" मंजू म्हणाली, "हव, दोनों लग गए." दोन्ही म्हणजे धनुर्वाताचे. खोटं कोणीच बोललं नाही. नागपूरला वाटलं रायपूर देईल, रायपूरला वाटलं नागपूरने दिलं. आणि आम्ही आपले डिंकाचे लाडू वळत बसलो.

बारशाला निखिलची बहीण शुभांगी आली. आत्याशिवाय नाव ठेवायचं कसं? बरेच दिवस खोकत होती बिचारी. "धूळ वो ताई, दुसरं काही नाही," म्हणाली. आम्हालाही तेच वाटलं. मोठ्या माणसाच्या खोकल्याला कोण विचारतं! तिने पाळण्यात वाकून, त्याच्या कानाला ओठ लावून 'ईशान' म्हटलं. मग रीतीप्रमाणे आम्ही बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घातले, तशी तिला खोकल्याची उबळच आली. डोळ्यांतून पाणी येईस्तोवर खोकली. "काहून वो, आत्या झाली तशी म्हातारीच झाली काय?" कोणीतरी म्हणालं, आणि आम्ही सगळ्या हसलो. तीही हसली.

टिल्ल्या मात्र खोकलाच नाही फारसा. दूध पिता पिता मध्येच थांबायचा. मला वाटलं ठसका. मग एका सकाळी ओठ निळे पडले, आणि मंजूने मारलेली हाक सगळ्या गल्लीने ऐकली. दवाखान्यात म्हणाले, "काली खांसी है." डांग्या खोकला! तो तर आमच्या लहानपणी असायचा, असं मी मूर्खासारखं बोलूनही गेले. डॉक्टरांनी मंजूला विचारलं, "प्रेगनेंसी में इसका टीका लिया था?" मंजू हातातल्या दुपट्याची घडी मोडून पुन्हा घालत राहिली. दवाखान्याने हयगय केली नाही, हे सांगायला हवं. श्वास थांबायचा, ते परत आणायचे. पुन्हा थांबायचा... एकदा नाही आणता आला.

नंतर शुभांगीचा फोन आला. "ताई, माझ्यामुळेच झालं काय?" मी म्हटलं, कोण सांगू शकतं गं. आणि खरंच कोणी सांगू शकत नाही. पण ती आता आमच्याकडे येत नाही. तिने कानात सांगितलेलं नाव घरात कोणी उच्चारत नाही. भेटायला येणारे पाठीवर हात फिरवून म्हणतात, "पुढच्या खेपेला इंजेक्शन आठवणीने घ्यायचं बरं." मंजू उठून आत जाते.

मागच्या आठवड्यात ती आपणहून बोलली. "ताई, मले ते इंजेक्शन घ्यायचं आहे."

"आता? काहून?"

ती चपला घालून दारात उभी राहिली. डॉक्टरीणबाईही म्हणाल्या, "अभी क्या जल्दी है, बेटा?" हिने बाही वर करून डावा दंड पुढे केला. शेवटी त्यांनी दिलं.

पाळणा अजून कडीला तसाच आहे. काढायला कोणाचा हात धजत नाही. घरी येऊन ती त्याच्याशेजारी बसली, संध्याकाळपर्यंत उठली नाही. दंड उजव्या हाताने धरून होती.

"दुखून राहिलं काय?" मी विचारलं.

"हव." मग दंडाकडे पाहत म्हणाली, "इथंच डोकं ठेवायचा ना तो, दूध पिताना."

मी शेकायला पाणी गरम केलं, फडकं पिळून आणलं. तिने माझा हात बाजूला सारला.

"राहू दे ताई. दुखू दे."