बांधावरची खुर्ची

लोकगीतं गोळा करत फिरणाऱ्या एका बाईंनी माझं नाव सुचवलं आणि मी, चोरखमाऱ्याच्या तलावाच्या पाण्यावर धान रोवणारी बाई, मुंबईला टीव्हीच्या मुलाखतीत पाहुणी म्हणून जाऊन बसले. दुसरी पाहुणी होती जुन्या सिनेमांतली मोठी नटी. मेकअपच्या खोलीत ती मला म्हणाली, "मी कुठेही गेले की लोक गप्प होतात, नुसते बघत राहतात. माझ्याशी भांडणारं कोणी उरलंच नाही." मला मनातून हसू आलं. सुख बोचतंय बाईला, म्हटलं. भांडायला माणसं हवीत तर आमच्या गावातून गाडी भरून पाठवते!

कार्यक्रम लागला त्या दिवशी सगळं गाव सरपंचाच्या ओसरीवर जमलं. गावात रंगीत टीव्ही तेव्हा तेवढाच. पडद्यावर मी रोवणीचं गाणं म्हणत होते. रोवणीत एकीने ओळ म्हणायची आणि बाकीच्या बायांनी ती उचलायची, अशी आमची रीत. स्टुडिओत उचलणारं कोण? दोन्ही वेळा मीच म्हटली होती. गाणं संपल्यावर ओसरीवर टाळ्या पडल्या. मी फुगले, खोटं कशाला सांगू.

त्यानंतरच्या रोवणीला मला कोणी हाक मारली नाही. एरवी माझी मैत्रीण सकाळीच दारात ओरडायची, "येतेस का वो, का झोपूनच राहिलीस?" शेवटी मी आपणहून गेले. चिखल केलेल्या धानाच्या बांधीत पाय टाकणार तोच तीच मैत्रीण म्हणाली, "तुमी कायले चिखलात उतरता जी? बसा ना." शेताच्या मालकिणीने लगबगीने घरून प्लास्टिकची खुर्ची आणली आणि बांधावर ठेवली.

माझं डोकंच फिरलं. जिच्याशी पऱ्ह्यांच्या, धानाच्या रोपांच्या, पेंडीवरून दर वर्षी माझी जुंपायची, ती मला खुर्ची दाखवते? मी लुगडं खोचलं, चिखलात उतरले आणि तिच्या शेजारी वाकले. चाललेल्या गप्पा थांबल्या. मग मीच आमचं नेहमीचं गाणं काढलं. पहिली ओळ म्हटली आणि थांबले, त्या उचलतील म्हणून.

कोणी उचलली नाही. सगळ्या जणी हातात पऱ्हे धरून उभ्या, माझ्या तोंडाकडे बघत.

"म्हणा ना जी," मैत्रीण म्हणाली, "आमी आयकून राहिलो."

इतकं एकटं मला मुंबईतल्या त्या अनोळखी माणसांतही वाटलं नव्हतं. ती ओळ पुन्हा मीच म्हटली. पुढचीही. गाणं संपलं तेव्हा त्यांनी पऱ्हे खाली ठेवले आणि चिखलाच्या हातांनी टाळ्या वाजवल्या.