कालव्याकाठच्या बुद्धाची अंघोळ

बाबांनी तंजावूर ठरवलं ते एका फोटोवरून. आमच्या विहाराच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कुणीतरी टाकला होता: भाताच्या शेताच्या कडेला पत्र्याचं छोटं छप्पर आणि त्याखाली मांडी घालून बसलेला काळ्या दगडाचा बुद्ध. खाली लिहिलं होतं, "चोळांच्या काळातला, तंजावूरजवळ." बाबा एसटीत कंडक्टर होते. जन्मभर दुसऱ्यांना तिकिटं फाडून दिली, पण स्वतःसाठी कुठलं तिकीट काढायचं म्हटलं की त्यांना महिनाभर विचार लागतो. या वेळी मात्र दुसऱ्याच दिवशी म्हणाले, "प्रज्ञे, जाऊन येऊ. मला त्याच्यासमोर बसून वंदना म्हणायची आहे."

"बुद्धगयेला म्हटली होती की."

"तिथं मागून धक्के बसतात. लेण्यांत दोरी बांधून ठेवतात. हा एकटाच बसून राहिला न, याच्यासमोर निवांत म्हणता येईल."

मग मी फोटो मोठा करून पाहिला आणि घोळ लक्षात आला. बुद्धाच्या कपाळावर भस्माचे तीन पांढरे पट्टे होते. कमरेला वेष्टी म्हणजे तिकडचं पांढरं धोतर, गळ्यात झेंडूचा हार. गावकरी त्याला आपला देव म्हणून पुजतात, हे उघड होतं. आजोबांनी दीक्षा घेतली त्या दिवसापासून आमच्या घरात राख, अंगारा, गंडा, दोरा यातलं काहीही शिरलेलं नाही. बाबांनी चष्मा लावून फोटो पाहिला, पुन्हा पाहिला आणि जाहीर केलं, "राख असली तर मी हात जोडणार नाही. सांगून ठेवतो." तरी तिकिटं रद्द करा असं काही ते म्हणाले नाहीत.

नागपूरहून चेन्नईपर्यंत रेल्वे, तिथून रात्रीच्या गाडीनं पहाटे तंजावूर. स्टेशनजवळ साधी, स्वच्छ लॉज भरपूर आहेत, आधी बुकिंग केलं नाही तरी चालतं. जायचं तर पोंगलच्या, म्हणजे तिकडच्या संक्रांतीच्या आधी जा. तेव्हा कालव्याला पाणी असतं, भात पिकायला आलेला असतो आणि ऊन सोसण्याइतपत असतं. फेब्रुवारीनंतर कालवा कोरडा पडतो आणि मग या सहलीतली निम्मी मजा गेलीच म्हणून समजा.

सहल अर्ध्या दिवसाची. सकाळी साडेसहाला निघून जेवायच्या वेळेपर्यंत परत. गाडी आणि गाईड धरून माणशी हजाराच्या थोडं वर पडतं. आमची गाईड वासंती, तिथल्या मराठा राजवाड्यामागच्या गल्लीतली, घरात पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलणारी. तिला देवनागरी वाचता येत नाही, त्यामुळे आमचं सगळं ठरलं ते इंग्रजी अक्षरांतल्या मराठी मेसेजांवर. लॉजच्या दारात गाडी लावून ती उतरली आणि पहिलं वाक्य बोलली, "या हो काका, पुढें बसा. आमचें मराठी ऐकून हासूं नका, हं."

"तू आमचं ऐकून हसू नको म्हणजे झालं," बाबा म्हणाले, आणि तिथंच दोघांचं जमलं.

मार्गळीचा, म्हणजे तमिळ मार्गशीर्षाचा महिना असल्यानं रस्ताभर दारोदार मोठाल्या रांगोळ्या होत्या, मधोमध शेणाच्या गोळ्यात खोचलेलं भोपळ्याचं पिवळं फूल. शहर संपलं की रस्ता कालव्याला लागतो. इथले लोक त्याला 'पुदु आरु' म्हणतात, म्हणजे नवी नदी. पाणी काठोकाठ होतं. बायका पायऱ्यांवर कपडे आपटत होत्या आणि एक म्हातारे गृहस्थ गळ्यापर्यंत पाण्यात उभे राहून काठावरच्या कुणाशी तरी तावातावानं भांडत होते. बाबांनी काच खाली केली आणि भाषा कळत नसताना ते भांडण शेवटपर्यंत ऐकलं.

पहिला बुद्ध एका चिंचेखाली होता. त्याला डोकं नव्हतं. पूजा नाही, छप्पर नाही, मांडीवर कावळ्यांची शिट. राखेचा प्रश्नच नव्हता, तरी बाबा तिथं बसले नाहीत. रुमाल काढून त्यांनी मांडी पुसली, थोडा वेळ उभे राहिले आणि गाडीत येऊन बसले. मला वाईट वाटलं.

गाडी सुरू करताना वासंती म्हणाली, "काका, आतां जातों तेथला सामी घरचा आहे. गांवातली घरें पाळीनें त्याला रोज अंघोळ घालतात, वेष्टी नेसवतात. मागें एक साहेब आले, त्यांनीं खिशांतला रुमाल काढून त्याचें भस्म पुसलें. गांवानें कितीक महिने कोणालाच येऊं दिलें नाहीं. तुम्ही पुसूं नका. माझें पोट आहे ह्यावर."

बाबांनी आपल्या हातातल्या रुमालाकडे पाहिलं आणि तो खिशात घातला. "पुसणार नाही," ते म्हणाले. "पण राखेसमोर वंदनाही म्हणणार नाही." म्हणजे दीड दिवसाचा प्रवास करून बाबा बुद्धाला नुसतं लांबून पाहून परतणार, असंच दिसत होतं. मला त्यांचा राग आला, आणि ते बरोबर आहेत हेही कळत होतं. त्यामुळे मी खिडकीबाहेर पाहत बसले.

गाव लहान, वीसेक घरांचं असेल. कालव्यातून काढलेला पाट गावाच्या मधून जातो आणि पाटाच्या काठावर ते पत्र्याचं छप्पर. फोटोपेक्षा बुद्ध पुष्कळ मोठा निघाला, बसलेलाच माझ्या खांद्यापर्यंत येत होता. नाकाचा शेंडा झिजलेला, ओठांवर अगदी थोडं हसू. कालची वेष्टी उतरवून ठेवलेली होती, पण कपाळावरचं कालचं भस्म तसंच होतं. साठीच्या एक बाई साडीचा पदर खोचून पाटातून कळशी भरत होत्या. त्या आठवड्याची पाळी त्यांच्या घराची.

वासंतीनं त्यांच्याशी तमिळमधून बोलणं सुरू केलं. आमच्याकडे हात केला, बाबांकडे हात केला, डोळे मिटून मंत्र म्हटल्याचा अभिनय केला. बाईंनी कळशी खाली ठेवली. बाबांना पायापासून डोक्यापर्यंत नीट न्याहाळलं आणि एक छोटासा प्रश्न विचारला.

बाबांना तमिळचा एक शब्द येत नाही. पण त्यांचा चेहरा मी बघत होते, आणि तो दगडासारखा झाला. अशी नजर आणि तिच्या मागून येणारा प्रश्न त्यांना पाठ होता. लहानपणी गावात पाणवठ्यावर, ओट्यापाशी, देवळाच्या वाटेवर, कुठंही गेलं की पाऊल पुढं पडायच्या आत तोच प्रश्न यायचा: कोण तुम्ही, कोणाचे? आजोबांनी त्याच प्रश्नाला कंटाळून गाव सोडलं होतं.

"चल प्रज्ञे," बाबा हळूच म्हणाले आणि वळले.

"काका, थांबा नां," वासंती म्हणाली. "त्या विचारतात, अंघोळ झाली कां तुमची?"

"काय?"

"अंघोळ. झाली असेल तर कळशी धरा म्हणतात. त्यांची कंबर दुखते."

बाबा परत फिरले. मग एकदम, जवळजवळ ओरडूनच म्हणाले, "झाली न! पाच वाजताच केली! थंड पाण्यानं!"

वासंतीनं हे सगळं भाषांतरित केलं, थंड पाण्यासकट. बाई हसल्या आणि कळशी बाबांच्या हातात देऊन खुशाल कट्ट्यावर टेकल्या. बाबांनी पँट गुडघ्यापर्यंत दुमडली. पाटातून कळशी भरायची, आणायची, बुद्धाच्या डोक्यावरून सावकाश ओतायची. बाई बसल्या जागेवरून हातानं दाखवत होत्या: इकडं राहिलं, कानामागे, पाठीवर घाला. बाबा निमूटपणे ऐकत होते. घरी आईनं भाजीत मीठ घालायला सांगितलं तरी वाद घालणारा हा माणूस! पहिल्याच दोन कळशांत भस्म विरघळून गळ्यावरून वाहून गेलं. कुणी ते पुसलं नाही, कुणाला विचारावंही लागलं नाही. रोजच्या अंघोळीत ते रोजच जात होतं.

मग ओल्या काळ्या दगडासमोर बाबा ओल्याच पँटनं मांडी घालून बसले आणि त्यांनी वंदना म्हटली. त्रिसरण, पंचशील, सगळं, कुठंही घाई न करता. त्यांचा आवाज एरवी कंडक्टरचाच, मागच्या सीटपर्यंत जाणारा. त्या दिवशी तो शेवटी शेवटी कापरा झाला. मीही मागे बसून म्हणत होते, आणि माझ्या डोळ्यांना पाणी आलं ते मी पुसलं नाही. बाई हात जोडून उभ्या होत्या. झाल्यावर म्हणाल्या, "नल्ला इरुक्कु." छान आहे.

त्यानंतर त्यांनी बुद्धाला कोरडं केलं, धुतलेली वेष्टी नेसवली आणि भस्माचं ताट बाबांपुढे धरलं. वासंतीनं माझा दंड पकडला. बाबांनी हात जोडले. "माई, तुमच्या हातानं लावा. मला नको." बाईंनी मान डोलावली, तीन बोटांनी पट्टे ओढले आणि काम संपलं. बाबा शेजारीच उभे होते, एक पाऊलही मागे सरकले नाहीत.

पानावर गरम पोंगल, म्हणजे मूगडाळीची मऊ खिचडी, आला तेव्हा पुन्हा अडलं. बाबा प्रसाद खात नाहीत. त्यांनी वासंतीला विचारलं, "हा प्रसाद की नाश्ता?" तिनं बाईंना विचारलं. बाईंचं उत्तर असं की, सामी कुठं खातो, खातो आम्हीच. बाबांनी पानावरचा सगळा पोंगल संपवला आणि वरून आणखी मागून घेतला. मिरं आणि तूप सढळ होतं. नाश्ता लॉजवर करून जाऊ नका.

परतीच्या वाटेवर कालव्याच्या काठानं कारागिरांची वस्ती लागते. एका आळीत दलदलीत वाढणाऱ्या नेट्टी नावाच्या झुडपाच्या पांढऱ्याशुभ्र गाभ्यातून देवळं, हत्ती, रथ कोरतात. हातात घेतलं तर वजनच लागत नाही. पुढच्या आळीत डोलणाऱ्या बाहुल्या करतात. मान, कंबर, घागरा असे सुटे भाग टोकांवर टेकवलेले, फुंकर मारली तरी बाहुली नाचते. अंगणात नुकत्या रंगवलेल्या मुंडक्यांच्या रांगा उन्हात वाळत होत्या. फोटो काढायच्या आधी विचारा, कुणी नाही म्हणत नाही. रंगवणाऱ्या मुलीला मी विचारलं, बुद्धाची बाहुली करता का? तिनं कुंचला थांबवून खरंच विचार केला आणि वासंतीमार्फत सांगितलं, करता येईल, पण तो डोलला तर बुद्ध कसला? बाबांना हे इतकं आवडलं की त्यांनी घासाघीस न करता विहारातल्या मुलांसाठी दोन नर्तकी घेतल्या. बाबा घासाघीस न करता काही विकत घेताना मी प्रथमच पाहिलं.

जेवण राजवाड्याजवळच्या खाणावळीत केळीच्या पानावर. वासंतीनं पैसे घ्यायला नको नको केलं, बाबांनी ते तिच्या पर्समध्ये कोंबले. निघताना ती त्यांना वाकून नमस्कार करू लागली तेव्हा बाबांनी तिला अर्ध्यातच थांबवलं आणि पाठीवर थाप मारली.

नागपूरला आल्यावर रविवारी विहारात बाबांनी सगळा वृत्तांत सांगितला. फोटो त्यांनी भस्मवालाच दाखवला. दोन तरुण पोरांनी तोंड वाकडं केलं, एकानं विचारलंही, "काका, हे पुसायचं नाही का?" बाबा म्हणाले, "थांब, ऐक आधी." आणि सांगत सांगत पाटापर्यंत आले. बाईंनी कळशी खाली ठेवली, पायापासून डोक्यापर्यंत पाहिलं आणि प्रश्न विचारला, एवढं सांगून ते थांबले. मुद्दाम थांबले.

पुढच्या रांगेतल्या म्हाताऱ्या बायांनी माना खाली घातल्या. तोंड वाकडं करणाऱ्या पोरांचे चेहरेही आवळले गेले. प्रश्न काय असणार, हे तिथं कुणालाच सांगावं लागलं नाही. मग बाबांनी सांगितलं, "म्हणे, अंघोळ झाली का?"

क्षणभर कुणाला कळेना. मग पुढच्या रांगेतल्या एका म्हातारीनं पदर तोंडाला लावला, तिचे खांदे हलायला लागले आणि बघता बघता अख्खं विहार हसत सुटलं. ती म्हातारी हसता हसता डोळे पुसत होती आणि शेजारणीला पुन्हा पुन्हा सांगत होती, "अंघोळ विचारली बाई, नुसती अंघोळ."